झाडांच्या सहवासाने थकवा जातो, पण कोणाचा?

बागायतदार, देवगड : "कोकणी माणसाला मानसिक ताण नसतोच, कारण तो चोवीस तास निसर्गात असतो, शहरातल्यांनीही चार दिवस येऊन ताजेतवाने व्हावे," हे येथील कालचे लिखाण वाचून राहवले नाही. आंब्याला मोहोर फुटल्यावर आभाळ भरून आले की तुडतुडा या किडीच्या धास्तीने आमची झोप उडते, आणि कर्ज काढून आणलेले औषध फवारताना हिरवाईचे कौतुक सुचत नाही. ३ जून २०२० च्या निसर्ग चक्रीवादळाने श्रीवर्धन-दापोलीकडच्या नारळी-पोफळी एका दिवसात आडव्या केल्या. त्या वाडीवाल्यांना या लेखकाने ताणाविषयी विचारावे.

मानसशास्त्राची शिक्षिका, रत्नागिरी : आपला राग रास्त आहे, निष्कर्ष नाही. रेचेल आणि स्टीफन कॅप्लन या मानसशास्त्रज्ञांची मांडणी अशी, की प्रयत्नपूर्वक एकाग्र केलेले लक्ष थकते आणि लाटा, पानांची सळसळ अशा हळुवारपणे गुंतवणाऱ्या गोष्टींत त्याला विसावा मिळतो. फवारणी करताना आपले लक्ष ताणलेलेच असते, म्हणून आपला अनुभव या मांडणीला धरूनच आहे. अमेरिकेतील मिशिगनमधील २००८ साली प्रसिद्ध झालेल्या प्रयोगात वृक्षोद्यानात फिरून आलेल्यांना ऐकलेले आकडे उलट क्रमाने सांगणे अधिक जमले. थंडीमुळे ज्यांना ते फिरणे विशेष आवडले नव्हते, त्यांनाही.

किनारवासी, गुहागर : विसाव्यासाठी येणारे आमच्या पुळणीवर गाड्या घालतात आणि रात्री स्पीकर लावतात, त्याचे काय? याच वाळूत सागरी कासवे अंडी घालतात. हटकले तर "पैसे मोजले आहेत" असे ऐकावे लागते. माझी आई रोज संध्याकाळी तेथे बसत असे. तिने जाणेच सोडले.

निवास-न्याहारी चालक, दापोली : सर्व पाहुण्यांना एका मापाने मोजू नका. माझ्याकडचे बहुतेक जण पहाटे मुकाट्याने चालून येतात आणि त्यांच्याच पैशावर माझ्या मुलीचे शिक्षण चालले आहे. पुळणीवर गाड्या फिरवणाऱ्यांत आपल्या गावची मुलेही असतात, हे कोणी बोलत नाही.

किनारवासी, गुहागर : मग त्यांनाही बंदी करा! चाक गावचे असो वा परगावचे, त्याखाली घरटे चिरडतेच, आणि ज्या शांततेचे पैसे आपण घेता तीही संपते.

बागायतदार, देवगड : शिक्षिकाबाई, प्रयोग मान्य केला तरी बँकेच्या हप्त्याची चिंता त्याने मिटत नाही. काम नसते त्या दिवशी खाडीवर गरवायला, म्हणजे गळाने मासे धरायला, बसलो की डोके हलके होते, एवढे कबूल करतो. मात्र "कोकणी माणसाला ताण नसतो" हे वाक्य लेखकाने मागे घ्यावे, कारण अशा बोलण्यामुळेच आमच्याकडचा खचलेला माणूस डॉक्टरकडे जायला संकोचतो.