क्लेमची रक्कम कमी धरली, अपील करावं का?

तासगावकर: आमचा दादा पिकअपवर ड्रायव्हर, वय ३८, अपघातात डावा गुडघा गेला, आता क्लच दाबायला पाय वाकतच नाही. सांगलीच्या ट्रिब्युनलनं (अपघात भरपाईचं कोर्ट) पगार १२ हजार आणि अपंगत्व फक्त २० टक्के धरलं, सर्टिफिकेटवर पायाचं ४० आहे. निकाल होऊन दोन महिने झाले. अपील करावं का, आणि मुंबईला खेटे घालावे लागणार का?

कराडचा पाव्हणा: मुंबईला कशाला, ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरला हायकोर्टाचं सर्किट बेंच आहे, सातारा सांगली दोन्ही त्यातच. पण मुदत निकालापासून ९० दिवस, म्हणजे तुमच्याकडं महिनाच राहिलाय, निकालाची सर्टिफाईड कॉपी उद्याच मागा. उशीर झाला तर कारण द्यावं लागतं, मग कोर्टाच्या मर्जीवर.

मिरजवाला: २० टक्क्यांवर अडून बसू नका. सुप्रीम कोर्टानं २०११ च्या राजकुमार केसमध्ये सांगितलंय की अवयव किती टक्के गेला यापेक्षा त्यामुळं कमाई किती बुडाली ते बघा. क्लच दाबता येत नाही तो ड्रायव्हर कसला! आणि पुढं वाढणारी कमाई धरलीय का बघा, पक्की नोकरी नसेल आणि वय चाळिशीच्या आत असेल तर ४० टक्के वाढ धरतात. तुमचा हिशोब १२ हजार × १२ महिने × १५ (वयानुसार ठरलेला गुणक) × २० टक्के, म्हणजे ४,३२,०००. नुसती ती वाढ धरली तरी ६,०४,८०० होतात.

तासगावकर: निकालात ४,३२,००० च आहे ओ! मंजूर झालेले पैसे उचलले तर चालतील का?

कराडचा पाव्हणा: उचला की, वाढीव रकमेचं अपील त्यानं जात नाही. फक्त लोकअदालतीत तडजोडीवर सही करू नका, त्यावर अपीलच नसतं.