महामार्गासाठी संपादित जमिनीचा मोबदला: रक्कम उचलावी की आधी दाद मागावी?

प्रश्न (बार्शी_शिवार):
नमस्कार. बार्शी तालुक्यातील आमची सामाईक जमीन महामार्गात गेली असून निवाड्याची नोटीस हाती आली आहे. शेतात विहीर आणि फळे देणारी डाळिंबाची बाग आहे, तरीही क्षेत्र जिरायत धरून दर लावला आहे, कारण त्या वर्षी ई-पीक पाहणी न झाल्याने सातबाऱ्यावर पडीत अशी नोंद राहिली. चुलत्यांची जमीन पूर्वी पाझर तलावात गेली तेव्हा त्यांनी कलम 18 खाली अर्ज केला होता आणि जिल्हा न्यायालयाने वाढीव मोबदला दिला होता. आम्हालाही तोच मार्ग आहे का? आणि पैसे उचलल्यास हक्क जातो, असे गावात सांगतात, ते खरे आहे का?

उत्तर 1 (वकील_सोलापूर):
आपल्या नोटिशीवर कोणत्या कायद्याचे नाव आहे ते प्रथम पाहावे. कलम 18 हे 1894 च्या जुन्या भूसंपादन कायद्यातील आहे. 2013 च्या नव्या भूसंपादन कायद्याखालील संपादन असते, तर कलम 64 प्रमाणे जिल्हाधिकाऱ्यांकडे मुदतीत अर्ज करून प्रकरण त्या कायद्याखालील भूसंपादन प्राधिकरणाकडे पाठवून घ्यावे लागले असते आणि रक्कम लेखी हरकत नोंदवूनच स्वीकारावी लागली असती. महामार्गाचे संपादन मात्र बहुधा राष्ट्रीय महामार्ग अधिनियम, 1956 खाली होते. तेथे रक्कम मान्य नसल्यास कलम 3जी(5) नुसार केंद्र सरकारने नेमलेल्या लवादाकडे अर्ज करावा लागतो. तेथेही रक्कम घेताना 'वाढीव मोबदल्याचा हक्क राखून' असे पावतीवर लिहून देणे सुरक्षित. पैसे तसेच पडू देण्यात काहीही हशील नाही.

खरी अडचण पुढे आहे. लवादाच्या निर्णयाविरुद्ध जिल्हा न्यायालयात लवाद व समेट अधिनियम, 1996 च्या कलम 34 खाली तीन महिन्यांत, सबळ कारण असल्यास आणखी 30 दिवसांत, जाता येते. पण ते अपील नव्हे. मोबदला वाढवून देण्याचा अधिकार या कलमाखाली न्यायालयाला नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने 2021 मध्ये एम. हकीम प्रकरणात स्पष्ट केले. 2025 च्या घटनापीठाच्या निकालाने निवाड्यात बदल करण्याची मर्यादित मुभा दिली असली, तरी पुरावा नव्याने तोलून दर ठरवणे त्यात बसत नाही. म्हणून जो पुरावा आहे तो लवादापुढेच आणावा. 'कोर्टात बघू' हा भरवसा येथे महागात पडतो.

उत्तर 2 (मोजणीदार):
दरासाठी 2013 च्या कायद्याचे कलम 26 महत्त्वाचे, कारण 1 जानेवारी 2015 पासून महामार्गाच्या संपादनातही मोबदला त्याच पद्धतीने ठरतो. अधिसूचनेपूर्वीच्या तीन वर्षांतील जवळपासच्या तशाच जमिनींची खरेदीखते घेऊन त्यांतील चढ्या किमतीच्या निम्म्या व्यवहारांची सरासरी काढतात आणि ती रेडी रेकनरच्या दराशी ताडून जास्त असेल तो आकडा धरतात. त्यावर ग्रामीण भागाचा गुणक आणि शंभर टक्के दिलासा रक्कम येते. म्हणजे पायाचा दर थोडा वाढला, तरी फरक दुपटीहून अधिक होऊ शकतो. दुय्यम निबंधकाकडून गावचे इंडेक्स टू, म्हणजे नोंदवलेल्या खरेदीखतांचे गोषवारे, काढून घ्यावे. अर्थात मुद्रांक शुल्क वाचवण्यासाठी आपल्याकडेच कमी किमतीची खते नोंदवतात आणि संपादन आले की तीच खते आपल्या गळ्यात पडतात, हेही मान्य केले पाहिजे.

विहीर व झाडांसाठी संयुक्त मोजणीच्या पत्रकाची नक्कल मागावी. त्यात झाडांची संख्या असेल, तर जिरायतीच्या दराला तो सरकारी कागदच उत्तर देतो.

बार्शी_शिवार:
आभारी आहे. नोटिशीवर 1956 चाच कायदा आहे. संयुक्त मोजणीत विहीर आली आहे, परंतु झाडे निम्मीच मोजली आहेत. आमच्याकडे सोलापूर बाजार समितीतील डाळिंबाच्या आडत पट्ट्या (आडत्याने दिलेल्या विक्रीच्या पावत्या) व ठिबकच्या अनुदानाचे कागद आहेत. ते चालतील का?

उत्तर 3 (वकील_सोलापूर):
चालतील, मात्र ते अधिसूचनेपूर्वीचे आणि खातेदाराच्या नावाचे असावेत. पट्टी चुलतभावाच्या नावावर असेल, तर सामाईक वहिवाटीचे प्रतिज्ञापत्र जोडावे. कृषिपंपाचे जुने वीजबिल व पीककर्जाचा बँक उतारा यांचाही आधार होतो. राहिलेल्या झाडांसाठी फलोत्पादनातील जाणकाराचा मूल्यांकन अहवाल घ्यावा आणि बाग उभी असतानाच घ्यावा, कारण ताबा गेल्यावर तेथे मोजायला काही उरत नाही. शेजाऱ्याचा निकाल लागल्यावर त्याच दराने आपणही मागू, असे कुणी सुचवल्यास थांबू नका. तशी सोय 2013 च्या कायद्यात कलम 73 खाली आहे. महामार्गाच्या प्रकरणात तिच्यावर विसंबणे धोक्याचे आहे.