साडेचार वर्षं हप्ते भरले, मुद्दल दोन लाखही उतरलं नाही. असं कसं?

उपकेंद्रवाली सिस्टर, दारव्हा तालुका

नमस्कार. मी एएनएम, म्हणजे नर्स आहे, दारव्हा तालुक्यातल्या एका आरोग्य उपकेंद्रात. घरी चार एकर कोरडवाहू, पऱ्हाटी म्हणजे कपाशी आणि तूर. जुनं घर मातीचं होतं, वर कवेलू. २०१९ च्या पावसाळ्यात मागची भिंत बसली, तेव्हा ठरवलं की आता बांधायचंच. घर गावठाणातलं, ग्रामपंचायतीचा नमुना आठचा उतारा सासऱ्यांच्या नावानं. तो यांच्या आणि माझ्या नावावर करून घेण्यातच वर्ष गेलं. शेवटी माझ्या पगारावर १५ लाखांचं कर्ज मंजूर झालं. व्याज ७ टक्के, मुदत १५ वर्षं, हप्ता १३,४८२ रुपये. त्या १५ लाखांत ६० हजारांचा कर्जाचा विमाही धरलेला होता. तो घ्यावाच लागतो असं आम्हाला सांगितलं, आम्ही सही केली.

पहिला हप्ता एप्रिल २०२१ ला कापला. त्या दिवशी कपाटाच्या दाराला आतून खडूनं "मार्च २०३६" लिहून ठेवलं. व्याज लागणार हे मला माहीत होतं, मी अडाणी नाही. १३,४८२ ला १८० नं गुणून २४ लाख २७ हजार होतात हे तेव्हाच काढलं होतं. नऊ लाख जास्त जातील, पण पोरींना कोरडी खोली मिळेल, असं मनाला समजावलं.

तेव्हापासून एकही हप्ता चुकला नाही. कोरोनाच्या दुसऱ्या लाटेत रोज लसीकरणाला फिरत होते, घरी यांची तब्येत बिघडली होती, तेव्हाही नाही.

मागच्या आठवड्यात मोठीच्या कॉलेजसाठी कागद पाहिजे होते म्हणून शाखेत गेले आणि सहज कर्जाचा उताराही काढून घेतला. सप्टेंबर २०२५ पर्यंत ५४ हप्ते, म्हणजे भरले ७,२८,०२८ रुपये. आणि मुद्दल बाकी १३,१०,६३७! सव्वासात लाख भरून मुद्दल उतरलं फक्त १,८९,३६३ रुपये. त्याच्या खाली लिहिलेलं, उरलेले हप्ते १६६. माझ्या हिशेबानं १२६ उरायला पाहिजे होते. एसटीत बसून मी तीनदा मोजलं, स्टॉप आला तरी लक्षात आलं नाही.

काउंटरवर विचारलं तर "मॅडम, फ्लोटिंग आहे ना" एवढंच उत्तर मिळालं. पुढे रांग होती.

मला कोणीतरी नीट सांगा. यात फसवणूक आहे का? हे घर मला शेवटी केवढ्याला पडणार? आणि यंदाचा कापूस आला की तो पैसा कर्जात टाकू की शेतात? घरात यावरून रोज बोलणं होऊन राहिलं आहे. यांचं म्हणणं शेतात, माझं म्हणणं कर्जात.

जुना कर्जविभागवाला, पुसद

सिस्टर, बँकेच्या कर्ज विभागात माझी सगळी नोकरी झाली, आता निवृत्त आहे. तुमचे आकडे वहीत मांडून पाहिले. हिशेबात चूक नाही, त्या अर्थानं फसवणूक नाही. पण तुम्हाला जे सांगायला पाहिजे होतं ते कोणी सांगितलं नाही, आणि तो दोष मी लहान समजत नाही.

व्याज नेहमी बाकी मुद्दलावर लागतं. पहिल्या महिन्यात १५ लाखांवर ७ टक्क्यांनी ८,७५० रुपये व्याज झालं. १३,४८२ मधून ते आधी गेलं, मुद्दलात पडले ४,७३२. सुरुवातीला असंच असतं, हे तुम्ही १८० नं गुणलं तेव्हा त्यात आलेलंच होतं. त्यानंतर जे झालं ते त्या गुणाकारात नव्हतं.

तुम्ही कर्ज घेतलं तेव्हा रिझर्व्ह बँकेचा रेपो दर, म्हणजे ती ज्या दरानं बँकांना पैसा देते तो, ४ टक्के होता, मे २०२० पासून तिथेच होता. ऑक्टोबर २०१९ नंतरची बँकांची बदलत्या दराची, म्हणजे फ्लोटिंग, गृहकर्जं बाहेरच्या दराशी बांधलेली असतात, बहुतेक ठिकाणी रेपोशीच. तुमचं रेपो अधिक ३ असं दिसतं. मे २०२२ मध्ये रेपो वाढायला लागला आणि फेब्रुवारी २०२३ पर्यंत ६.५० झाला. तुमचा दर ७ वरून साडेनऊवर गेला. आता एप्रिल २०२३ चा तुमचा हप्ता पाहा. व्याज ११,०५६, मुद्दलात फक्त २,४२६. म्हणजे दोन वर्षं कर्ज फेडल्यावर मुद्दलात जाणारा पैसा पहिल्या महिन्याच्या जवळपास निम्म्यावर आला.

हप्ता वाढवला की गिऱ्हाईक शाखेत येऊन विचारतं. मुदत वाढवली की त्याला पत्ताच लागत नाही. म्हणून हप्ता तोच ठेवला आणि मुदत ताणली. त्या महिन्यात तुमचे १५६ हप्ते उरायला हवे होते, ते २१८ झाले. एका झटक्यात पाच वर्षांच्या वर. २०२५ मध्ये रेपो फेब्रुवारीत ६.२५, एप्रिलमध्ये ६ आणि जूनमध्ये ५.५० झाला, तुमचा दर साडेआठवर आला, म्हणून आता १६६ दिसतात. दर इथेच राहिला तर कर्ज २०३९ च्या मध्यात फिटेल आणि एकूण जातील साधारण २९ लाख ५७ हजार. तुम्ही धरलेल्या रकमेपेक्षा ५ लाख ३० हजार जास्त. बांधकाम चालू असताना हप्ता सुरू होण्याआधी नुसतं व्याज भरलं असेल, प्रोसेसिंग फी, वकील, मूल्यांकन, मुद्रांक, ते सगळं यात नाही. तेही जुन्या पासबुकातून काढून बेरजेत घाला.

आता विम्याचं बघा. तो सक्तीचा नव्हता. ६० हजार कर्जातच मिळवल्यामुळे त्यावरही व्याज चालू आहे. ७ टक्क्यांच्या मूळ हिशेबानंच ते ९७ हजारांना पडत होते, आता त्याच्याही वर. आणि ज्याची मला खरी काळजी वाटते ते असं, की हा विमा बहुतेक उतरता असतो. ठरलेल्या वेळापत्रकाप्रमाणे संरक्षणाची रक्कम कमी होत जाते. ७ टक्के आणि १५ वर्षं धरून तुमची बाकी आज १२ लाखांच्या आसपास असायला हवी होती, खरी बाकी १३ लाख १० हजार आहे. मार्च २०३६ ला विमा संपेल, कर्ज पुढे तीन वर्षं चालेल. विम्याचा कागद काढून तक्ता तपासा.

रिझर्व्ह बँकेनं १८ ऑगस्ट २०२३ ला परिपत्रक काढलेलं आहे. दर बदलला तर हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची, की दोन्ही थोडं थोडं, याचा पर्याय कर्जदाराला द्यायचा. मुदत वाढली किंवा हप्ता वाढला तर लगेच कळवायचं. दर तिमाहीला आजवर वसूल झालेलं मुद्दल, व्याज, हप्ता आणि उरलेले हप्ते दाखवणारं विवरण द्यायचं. साध्या कागदावर अर्ज लिहा, आवक शिक्का मारून पोच घ्या. तोंडी विचारू नका.

हप्ता १५,७६० केला, म्हणजे २,२७८ नं वाढवला, तर कर्ज पुन्हा मार्च २०३६ ला फिटतं आणि सुमारे २ लाख ४३ हजार वाचतात. किंवा आज एकरकमी लाख रुपये मुद्दलात टाकले तर शेवटचे २२ हप्ते गळतात, ते २ लाख ९८ हजार होतात. वैयक्तिक फ्लोटिंग गृहकर्जावर मुदतीआधी भरायला दंड नाही. फक्त अर्जात स्पष्ट लिहा, "रक्कम मुद्दलात जमा करावी, हप्ता तोच ठेवून मुदत कमी करावी." नाहीतर काही ठिकाणी तो पैसा पुढच्या हप्त्यांचा आगाऊ म्हणून पडून राहतो.

पऱ्हाटीवाला, घाटंजी

ताई, काकाजीनं हिशेब बरोबर सांगतला. पण तुमचे मालक जे म्हणून रायले तेबी आयका.

म्या असाच एका सालात जोशात येऊन कापसाचे ८० हजार फेब्रुवारीत घराच्या कर्जात टाकले. मोकळं मोकळं वाटलं. जूनमधी बियाणं, खत, डवरणी, अन् खात्यात काईच नायी. त्याच साली पीककर्जाचं नूतनीकरण लांबलं. गेलो सावकाराकडं. शेकडा चार रुपये महिना. बँकेचे साडेआठ वाचवाले गेलो अन् सावकाराचे अठ्ठेचाळीस भरले. तो पैसा निंघाले दोन हंगाम लागले. बायकोचं डोरलं तवा गहाण पडलं, ते आठवलं का आजबी जीव तुटते.

म्हणून सांगतो. पयले पीककर्ज वेळेवर भरा. तीन लाखापर्यंत पंजाबराव देशमुख व्याज सवलतीत ते शून्य टक्क्यानं पडते, वेळ चुकली का सवलत गेली. त्याच्याउपर पुढच्या पेरणीचा पैसा आलग काढून ठेवा, त्याले हात नोका लावू. मंग जे उरन ते कर्जात. यंदा पावसानं आमच्या इकडं बोंडं सडली, खालची फांदी पुरी गेली. २०२५-२६ चा हमीभाव क्विंटलमागं ८,११० हाये लांब धाग्याले, पण ओल्या कापसाले तो भेटत नायी. तुमच्या हाती खरंच किती येणार हाये ते सीतादही, म्हंजे पयल्या वेचणीची पूजा, झाल्यावर, दोन वेच निंघाल्यावर पाहा. आतापासून आकडा नोका धरू.

नेरचा मास्तर

मी दोन गोष्टी जोडतो.

एक, "गृहकर्ज असू द्यावं, करात वाचतं" असं शाळेत सगळे म्हणत. राहत्या घराच्या व्याजाची दोन लाखांपर्यंतची वजावट फक्त जुन्या करप्रणालीत आहे. नव्या प्रणालीत ती नाही, आणि तिथे आता १२ लाखांपर्यंतच्या उत्पन्नाला तसाही कर लागत नाही. माझ्यासारख्या पगारदाराला त्या कारणानं कर्ज ठेवण्यात काही उरलं नाही. माझी चार वर्षं या एका समजुतीत गेली.

दुसरी, दर. मी कर्ज दुसऱ्या बँकेत हलवायला निघालो होतो. त्यांच्या वकिलानं गावठाणातली जागा, जुन्या फेरफारात एका काकांचं नाव, म्हणून अडवलं. जागेच्या मालकीच्या शोध अहवालाचे पैसे गेले ते गेलेच. मग माझ्याच बँकेत अर्ज दिला की नव्या गिऱ्हाइकाला कमी दर देता तर मलाही द्या. थोडं शुल्क घेऊन त्यांनी अर्धा टक्का कमी केला. तुमच्या बाकीवर अर्धा टक्का म्हणजे जवळपास आठ हप्ते होतात, लाखाच्या वर. विचारायला पैसे लागत नाहीत, सिस्टर. आधी आपल्याच शाखेत विचारा.

आणि एक मनापासून. १३,४८२ रुपये २०२१ मध्ये तुमच्या पगाराचा जेवढा भाग होते तेवढा आज नसतील. महागाई भत्ता, वेतनवाढ होत असते. प्रत्येक वाढीतले हजार रुपये हप्त्यात वळवले तर घरात कोणाला जाणवतही नाही. एकदम सगळं फेडायचा ताण घेऊ नका.

उपकेंद्रवाली सिस्टर, दारव्हा तालुका

सगळ्यांचे आभार. उशिरा लिहिते आहे, मध्ये दिवाळी होती आणि एक बाळंतपण रात्री दीडला आलं.

काकाजी, तुम्ही सांगितलं तसा अर्ज लिहून नेला. पोच मागितल्यावर मला आतल्या साहेबांकडे बसवलं. त्यांनी तक्ता काढून दिला, सगळे महिने, व्याज वेगळं, मुद्दल वेगळं. २०२३ च्या पानावर मुद्दलाचा रकाना पाहून आमचे हे काही बोललेच नाहीत. बाहेर आल्यावर म्हणाले, "दोन वर्ष आपण खोलीभाडंच भरलं म्हण."

हप्ता १४,५०० करून घेतला. त्यानं १६६ चे १४५ हप्ते झाले. एकदम १५,७६० जमत नाही, मोठीची फी आहे. अर्धा टक्का कमी करायचा अर्ज वर पाठवतो म्हणाले, त्याचीही पोच आहे.

पऱ्हाटीवाले भाऊ, तुमचं लिहिलेलं यांना वाचून दाखवलं, डोरल्याचं वाचताना माझाच आवाज अडकला. आमचं असं ठरलं की पीककर्ज आणि पेरणीचे ६० हजार आधी बाजूला, ते यांच्या ताब्यात. त्याच्यावर जे राहील ते मार्चमध्ये मुद्दलात, ते माझ्या ताब्यात. यंदा दहा हजार राहिले तर दहाच.

विम्याचा कागद सापडला. तुमचा अंदाज बरोबर निघाला, काकाजी. तक्त्यात ऑक्टोबर २०२५ समोर १२ लाखच आहेत, शेवटची ओळ मार्च २०३६. मधल्या फरकासाठी वेगळा मुदत विमा घ्यायचा तर माझ्या नावानं घ्यावा की यांच्या? कर्जात दोघांचीही नावं आहेत, पगार मात्र माझा एकटीचा आहे.

जुना कर्जविभागवाला, पुसद

तुमच्या नावानं. हप्ता ज्या पगारातून जातो त्या पगाराचा विमा आधी. २५ लाखांचा साधा मुदत विमा बघा, पैसे परत मिळणारा नको, आणि मुदत कर्जाच्या शेवटच्या हप्त्यापुरती नको, निवृत्तीपर्यंत घ्या. प्रस्तावात रात्रपाळी, बीपी, साखर जे असेल ते खरं लिहा. वारस म्हणून तुमच्या मालकांचं नाव घाला. ते झालं की मला दोन्ही विम्यांच्या तारखा कळवा, मी तक्त्याला लावून पाहतो.