हरवलेली डीएलएल साइटवरून उतरवायची की अख्खं फ्रेमवर्क बसवायचं?

अंबडचा_आयटीवाला

नाशिकच्या अंबड-सातपूरकडच्या छोट्या कारखान्यांचे संगणक मी सांभाळतो. १४ ऑक्टोबर २०२५ ला विंडोज १० चा सपोर्ट संपला, तेव्हापासून मशिनी बदलायची गडबड चालू आहे. नव्या विंडोज ११ वर जुनं इंडेंटचं (म्हणजे माल मागणीच्या अर्जाचं), गेटपासचं, जॉबकार्डचं सॉफ्टवेअर उघडत नाही. मग कुणीतरी हुशार माणूस गुगल करतो, 'मोफत डीएलएल डाउनलोड' वाली साइट उघडतो, सिस्टिम.वर्कफ्लो.रनटाइम नावाची डीएलएल (प्रोग्रामला चालायला लागणारी तयार कोडची फाईल) उतरवतो आणि सिस्टिम३२ या विंडोजच्या फोल्डरमध्ये टाकतो. माझं मत: हे पूर्ण बंद व्हायला हवं. काम अडलंय ही सबब मला पटत नाही.

आधी या फाईली करतात काय ते सांगतो. डॉटनेट म्हणजे मायक्रोसॉफ्टचं फ्रेमवर्क, असे प्रोग्राम ज्याच्यावर चालतात ते. मायक्रोसॉफ्टने २००६ साली डॉटनेट ३.० सोबत विंडोज वर्कफ्लो फाउंडेशन आणलं. त्याच्या मुख्य डीएलएल तीन: रनटाइम, ॲक्टिव्हिटीज आणि कंपोनंटमॉडेल. ३.५ मध्ये वर्कफ्लोसर्व्हिसेस ही चौथी आली. इंडेंट सुपरवायझरने भरला, स्टोअर्सने पाहिला, मग मॅनेजरच्या सहीसाठी चार दिवस पडून राहिला, हे जे 'पडून राहणं' आहे ते सांभाळायचं काम यांचं. थांबलेला इंडेंट मेमरीतून काढून एसक्यूएल सर्व्हर या डेटाबेसमध्ये ठेवायचा आणि सही झाली की तिथूनच पुढे न्यायचा. प्रोग्राम नीट बांधलेला असेल तर मधे लाइट गेली तरी इंडेंट हरवत नाही. एमआयडीसीत याची किंमत वेगळी सांगायला नको.

या फाईली सुट्या नसतात, डॉटनेट ३.५ च्या पोटात येतात. विंडोज ११ मध्ये ३.५ आधीपासून चालू नसतं, विंडोज फीचर्समध्ये जाऊन टिक करावं लागतं. ते न करता एकेक डीएलएल शोधणं म्हणजे बॉनेटखाली इंजिनच नाही आणि आपण स्पार्क प्लग बदलतोय.

पाना_पक्कड

भाऊ, सल्ला एकदम पुस्तकी. शॉपफ्लोअरच्या मशिनीला इंटरनेट नसतं, हे तुम्हाला माहीत नाही असं नाही. फीचर टिक केलं की विंडोज फाईली आणायला अपडेट सर्व्हरकडे धावतं, तिथे काही मिळत नाही आणि शेवटी ८००एफ०८१एफ सारखा एखादा एरर तोंडावर फेकतं. समोर सुपरवायझर उभा, गेटवर ट्रक उभा, गेटपास निघत नाही. अशा वेळी शेजारच्या चालू मशिनीतून तीच फाईल पेनड्राईव्हवर घेऊन टाकली तर काय आभाळ कोसळतं? फाईल मायक्रोसॉफ्टचीच. मी असं केलंय आणि सॉफ्टवेअर चाललंय.

साइटवरून उतरवू नका, एवढं मान्य. पण 'फाईल टाकणंच गुन्हा' हे काही पटत नाही.

अंबडचा_आयटीवाला

चाललं, कारण त्या मशिनीवर ३.५ आधीच होतं आणि एखादीच फाईल खराब झाली होती किंवा अँटिव्हायरसने उचलली होती. ३.५ मुळातच नसेल तर तिन्ही डीएलएल टाकूनही उपयोग नाही, कारण जुन्या प्रोग्रामला डॉटनेट २ चा रनटाइम (प्रोग्राम चालवणारं इंजिन, वरची रनटाइम डीएलएल नव्हे) लागतो आणि तोही ३.५ सोबतच येतो. 'पण ४.८ आहे ना मशिनीत' असं सगळे म्हणतात. ४.८ वेगळं नांदतं, ३.५ ची जागा ते आपोआप घेत नाही.

आणि सिस्टिम३२ मध्ये टाकून तर काहीच होत नाही. डॉटनेटचा प्रोग्राम आपली असेंब्ली (डॉटनेटची डीएलएल) आधी ग्लोबल असेंब्ली कॅश या सामाईक फोल्डरमध्ये शोधतो, मग स्वतःच्या फोल्डरमध्ये. सिस्टिम३२ कडे तो त्यासाठी बघतही नाही. त्या साइटवाल्यांचा पुढचा सल्ला असतो 'रेगएसव्हीआर३२ चालवा', म्हणजे डीएलएलची नोंद करणारी कमांड. चालवून बघा. डीएलएलरजिस्टरसर्व्हर सापडलं नाही असं उत्तर येतं, कारण ती पद्धत कॉम या जुन्या तंत्राच्या डीएलएलसाठी आहे, या फाईलींसाठी नाहीच. म्हणजे साइटने दिलेल्या दोन्ही पायऱ्या या बाबतीत फोल, आणि तरी लोक त्यांच्यावर विश्वास ठेवतात.

एरर मेसेज शेवटपर्यंत वाचायचीही सवय नाही आपल्याला. 'ही असेंब्ली किंवा ती ज्यांच्यावर अवलंबून आहे त्यांपैकी एखादी लोड झाली नाही' असं त्यात लिहिलेलं असतं. नाव एकीचं दिसतं, गायब दुसरीच असते.

कॉलेजरोड_कोडर

साइटवरच्या फाईलींबद्दल एक गैरसमज आहे, तो आधी काढतो. बरेच जण म्हणतात, मायक्रोसॉफ्टच्या असेंब्लीला स्ट्राँग नेम (डिजिटल सही) असतं, कुणी छेडछाड केली तर विंडोज उघडणारच नाही. असं नाही. ३.५ च्या सर्व्हिस पॅक १ पासून पूर्ण विश्वासाने चालणाऱ्या प्रोग्रामसाठी ती सही बाय डीफॉल्ट तपासलीच जात नाही, सुरुवात लवकर व्हावी म्हणून. प्रोग्रामच्या फोल्डरमध्ये बदललेली फाईल ठेवली आणि कॅशमध्ये खरी नसली, तर बदललेली बिनदिक्कत लोड होऊ शकते, तीही प्रोग्रामला असतील त्या सगळ्या अधिकारांसह. गेटपासची सर्व्हिस बहुतेक ठिकाणी ॲडमिन अधिकारावरच चालवलेली असते, हे सांगायला नकोच.

पण माझा मूळ मुद्दा वेगळा आहे. तुम्ही दोघं मढ्याला पावडर लावताय. हे तंत्रज्ञान संपलंय. २०१० मध्ये डॉटनेट ४ आलं तेव्हा मायक्रोसॉफ्टनेच वर्कफ्लो पहिल्यापासून लिहिलं, सिस्टिम.ॲक्टिव्हिटीज या नावाने. २०१२ च्या ४.५ मध्ये जुन्या तिन्हींवर 'कालबाह्य' असा शिक्का मारला. पुढच्या डॉटनेट कोअरमध्ये तर नवं-जुनं दोन्ही घेतलं नाही, कम्युनिटीने कोअरडब्ल्यूएफ नावाने ओपन सोर्स पोर्ट केलं तेवढंच. नवं लिहा आणि मोकळे व्हा.

लघुउद्योजक_सातपूर

'नवं लिहा' म्हणणाऱ्याने कोटेशनही लिहावं.

आमचं खरेदी मंजुरीचं सॉफ्टवेअर २०१५ च्या सिंहस्थाच्या सुमारास बसवलं. ज्याने केलं तो पुण्याला गेला, फोन उचलत नाही. सॉफ्टवेअर मात्र इमानदारीने चालतंय. २०२७ चा सिंहस्थ आला, आणि तुम्ही म्हणता ते फेकून द्या. का? माझ्या माहितीप्रमाणे ३.५ चा सपोर्ट जानेवारी २०२९ पर्यंत आहे. म्हणजे मायक्रोसॉफ्टच म्हणतंय चालवा, आणि कॉलेज रोडवरून फतवा येतो बंद करा.

त्यात आमचे नियम आहेत. ठरावीक रकमेवरची खरेदी माझ्याकडे यायची, टूलिंग असेल तर आधी क्वालिटीकडे, जॉबवर्क असेल तर भलतीच वाट. हे कुठेही कागदावर नाही, त्या सॉफ्टवेअरच्या आतच आहे. नवीन मुलगा येऊन तीन महिने 'रिक्वायरमेंट' विचारत बसणार आणि शेवटी एक्सेल देऊन जाणार.

कॉलेजरोड_कोडर

काका, तुम्हीच माझी बाजू मांडलीत. कारखान्याचे नियम एका डीएलएलच्या पोटात आहेत, लिहिणारा सापडत नाही, सोर्स कोड बहुधा नाहीच. २०२९ काही लांब नाही. तेव्हा हेच काम दुप्पट घाईत करावं लागेल.

निवृत्त_डेव्हलपर

दोन्हीकडची मंडळी एका ठिकाणी घसरताहेत, म्हणून लिहितो. मी या तीन फाईलींवर पोट भरलंय, तेव्हा थोडा पक्षपाती आहे हे धरून चाला.

कल्पना वाईट नव्हती. आज पोरं इंडेंटच्या टेबलात 'स्टेटस' नावाचा कॉलम टाकतात, त्यात १ ते १७ आकडे भरतात आणि म्हणतात वर्कफ्लो झाला. मग मॅनेजर रजेवर गेला, तीन दिवसांत सही नाही झाली तर वर पाठवायचं, दोघांपैकी कुणीही मंजूर केलं तरी चालेल, अशा भानगडी आल्या की इफ-एल्सचं जंगल होतं. वर्कफ्लो फाउंडेशनमध्ये 'तीन दिवस थांब किंवा सही येऊ दे, जे आधी होईल ते' हे चित्रासारखं मांडता यायचं. तेव्हा 'मेलं' म्हणून हिणवू नका.

पण जुन्या आवृत्तीची एक खोड भारी आहे. थांबलेला इंडेंट डेटाबेसमध्ये वाचता येईल अशा स्वरूपात राहत नाही. अख्खी वस्तू बायनरी (फक्त प्रोग्रामलाच कळेल असा) गोळा करून ठेवलेली असते. ती परत उघडायला तेच क्लास, त्याच आवृत्तीची असेंब्ली लागते. त्यामुळे ज्याने कुणी वाट्टेल त्या आवृत्तीची डीएलएल टाकून 'चाललं' म्हटलं, त्याने नवा इंडेंट टाकून पाहिला असणार. अडकलेले जुने उघडून पाहिले का? खरी परीक्षा तिथे आहे. आणि नवं लिहायचं म्हणणाऱ्यांनीही हेच लक्षात घ्यावं. सिस्टिम.ॲक्टिव्हिटीजवर गेलात तरी जुने गोळे तिथे उघडणार नाहीत. बदलायच्या आधी नवे इंडेंट बंद करा, पेंडिंग सगळे निकाली काढा, मगच पुढे.

३.५ अजिबात नको असेल तर मधली वाटही आहे. डॉटनेट ४ मध्ये याच तीन डीएलएल ४.० आवृत्तीच्या आहेत. प्रोग्रामच्या कॉन्फिग फाईलमध्ये 'चौथ्या रनटाइमवर चालव' अशी एक ओळ टाकली तर पुष्कळ प्रोग्राम तसेच चालतात. पुष्कळ म्हणालो, सगळे नाही. डेटाबेसची कॉपी घेऊन बाजूच्या मशिनीवर आधी बघा.

पाना_पक्कड

सर, गोळ्याचं जे म्हणालात ते आजवर कुठल्याच व्हेंडरने सांगितलं नव्हतं. नवा इंडेंट टाकून पाहायचा, चालला की निघायचं, अशीच पद्धत आहे सगळीकडे.

तरी माझा मुद्दा उभाच आहे. ज्या ठिकाणी इंटरनेट नाही तिथे अर्ध्या तासात काय करायचं? व्हिजिटचे पैसे मोजके मिळतात, त्यात तासन्‌तास फ्रेमवर्कशी झटापट परवडत नाही.

अंबडचा_आयटीवाला

अर्धा तास लागतच नाही. विंडोजच्या इन्स्टॉलेशन पेनड्राईव्हमध्ये सोर्सेस फोल्डरात एसएक्सएस नावाचं फोल्डर असतं, ३.५ चं सामान त्यात आहे. कमांड प्रॉम्प्ट ॲडमिन म्हणून उघडायचा, डिझम या विंडोजच्या कमांडला नेटएफएक्स३ (म्हणजे ३.५) फीचर चालू करायला सांगायचं आणि सोर्स म्हणून ते फोल्डर द्यायचं. इंटरनेटकडे जाऊ नकोस म्हणून लिमिटॲक्सेस लावायचं. पथ्य एकच, पेनड्राईव्ह आणि मशिनीतलं विंडोज एकाच आवृत्तीचं हवं. २३एच२ च्या मशिनीला २४एच२ चं फोल्डर दिलंत तर तोच ८००एफ०८१एफ परत येतो, आणि मग लोक म्हणतात ही पद्धत चालत नाही.

३.५ आहे पण बिघडलंय अशी शंका असेल तर फीचर बंद करून पुन्हा चालू करा. फाईली आपोआप जागेवर येतात, शेजारच्या मशिनीतून आणायची गरज नाही.

लघुउद्योजक_सातपूर

हे आमच्याकडे उद्याच करून घेतो. निवृत्त सरांना एक विचारायचं होतं. पेंडिंग इंडेंट निकाली काढायचे म्हणता, पण त्यातले काही दोन वर्षांपासून पडून आहेत, ज्यांनी सही करायची ते नोकरी सोडून गेले. त्यांचं काय?

निवृत्त_डेव्हलपर

ते थेट टेबलातून पुसू नका. प्रोग्राममध्ये ॲडमिनला 'रद्द करा' बटण दिलेलं असेल तर तिथूनच करा, म्हणजे रद्द झाल्याची नोंद राहते आणि ऑडिटला उत्तर देता येतं. बटण नसेल तर त्या माणसांच्या जुन्या लॉगिनचे पासवर्ड रीसेट करून, तुमच्या लेखी परवानगीने, एकेक इंडेंट नामंजूर करा. कंटाळवाणं आहे. कॉलेज रोडवरच्या मित्राला बोलवा आणि त्या निमित्ताने कुठला इंडेंट कुठल्या वाटेने जातो ते त्याला कागदावर उतरवून घेऊ द्या.

कॉलेजरोड_कोडर

येतो. फुकट नाही, पण एक्सेलही देणार नाही.