अकरा मितींचा नकाशा म्हणे! आधी माझा बांध मोजून दाखवा

हिंगोलीचा_मास्तर:
परवा एक पोस्ट फिरली, ती वाचल्यापासून डोकं ठणकायलंय म्हणून लिहायलोय. कुणीतरी "वास्तवाच्या अकरा मितींचा नकाशा" काढायला घेतलाय, सुरुवात मराठवाड्यातून, स्वयंसेवक गावोगाव फिरणार, "इथं काय जाणवलं" ते मोबाईलवर भरणार, की झाला नकाशा. पहिलं ठिकाण औंढा नागनाथ, का तर "लायगो उगीच तिथं येत नाही, तिथला पडदा पातळ आहे". अरे पडदा कसला! लायगो म्हणजे गुरुत्वीय लहरी, म्हणजे अवकाशाचंच बारीक ताणणं-आकसणं, पकडायचं यंत्र. त्याची जागा बघताना जमीन किती शांत आहे ते बघतात, कारण चार-चार किलोमीटरच्या दोन भुजांत प्रोटॉनच्या रुंदीहून हजारो पटीनं बारीक फरक पकडायचाय, शेजारून ट्रक गेला तरी वांधे. आणि मिती म्हणजे कांद्याचे पापुद्रे नव्हेत. विहिरीतल्या बेडकाचा पत्ता सांगायचा तर पूर्वेला किती, उत्तरेला किती, खोल किती आणि किती वाजता, एवढे आकडे लागतात. झाल्या चार. बाकीच्या सात एम-थिअरी म्हणून सगळी बलं एकत्र बांधू बघणारा सिद्धांत आहे, त्याच्या गणितात आहेत, आजवर कुणाला घावलेल्या नाहीत.

पडद्यापलीकडं:
मी या प्रकल्पात आहे, लपवत नाही. सर, कालुझा नावाच्या जर्मन गणितज्ञानं १९२१ ला पाचवी मिती छापली तेव्हा पण कुणीतरी मास्तर हसलाच असेल. गुरुत्वीय लहरी आइनस्टाइननं १९१६ ला सांगितल्या, सापडल्या २०१५ ला. मधली ९९ वर्षं "घावल्या नाहीत" असंच म्हणत बसायचं होतं का? आम्ही फक्त नोंदी घेतोय. नामदेवांसाठी औंढ्याचं देऊळ फिरलं हे इथलं शेंबडं पोरगं सांगतं, ते कुठल्या नकाशात आहे दाखवा.

हिंगोलीचा_मास्तर:
कालुझाकडं समीकरणं होती, तुमच्याकडं "अंगावर काटा आला: हो / नाही" एवढंच बटण आहे, मी बघितलंय उघडून. २०१७ ला दोन न्यूट्रॉन तारे, म्हणजे मेलेल्या ताऱ्यांचे घट्ट गोळे, आदळले त्याच्या लहरी पण आल्या, प्रकाश पण आला. लहरी जास्तीच्या मितींत गळत असत्या तर अशक्त होऊन पोचल्या असत्या, आणि दोन्हीकडून काढलेलं अंतर जुळलं नसतं. जुळलं. याला तपासणं म्हणतात.

बांधावरचा:
तुमचं चालू द्या, नकाशा शब्द निघाला म्हणून बोलतो. आज्याचं रान निजामाच्या काळातल्या उर्दू कागदात एक, सातबाऱ्यावर दुसरं, गटाच्या नकाशात तिसरं, आणि शेजारी दरसाल नांगरताना फूटभर बांध कोरतो ते चौथं. अतितातडीची मोजणी फी भरली, सात महिन्यांनी मोजणीदार आला, मशीन उभी केली, सिग्नल येईना म्हणला आणि शेजाऱ्याकडंच चहा पिऊन गेला. सातबाऱ्यावर माझ्या रानात विहीर आहे, रानात नाही. बोला, कुठल्या मितीत मोटार टाकू?

पाटोद्याची_पोर:
आमची पण आहे कागदावर, वर तिचा शेतसारा भरलाय पप्पांनी 😂

गट_नंबर_११२:
भाऊ, शेजाऱ्याची बाजू पण ऐकत जा. बांध दोन्हीकडून कोरला जातो, एकटा कुणी कोरत नसतो.

बांधावरचा:
तुम्ही शेजारीच वाटायलाव मला.

गट_नंबर_११२:
तोंड सांभाळून. माझी तीन वर्षं कोर्टात गेलीत असल्याच आरोपापायी. मोजणीला दोघं हजर राहा, खुणा पटल्या तर त्याच दिवशी दगड रोवा, नाहीतर बसा बोंबलत.

किल्लारीची_लेक:
तुमच्या भांडणात मधे पडते. ३० सप्टेंबर १९९३, विसर्जनाची रात्र, पहाटेचे चार वाजायला चार मिनिटं कमी. भूकंप झाला तेव्हा मी सहा वर्षांची होते. पुढं नवीन गाव बसलं, सरळ रस्ते, सगळी घरं सारखी, मी शाळेतून येताना दोनदा दुसऱ्याच्याच घरात शिरले. पण आजी मरेपर्यंत पत्ता सांगायची तो, "वेशीतून आत ये, पाराला वळसा घाल, लोहाराच्या भात्यामागं". नव्या गावात ना ती वेस ना तो पार, लोहाराचं सगळं घरच गेलं त्या रात्री. तरी जुनी माणसं बरोबर आमच्या दारात यायची. आजी गेली, आता तो पत्ता कुणालाच लागत नाही. सर, तुमचं गणित खरंच असेल, पण कुणी मोबाईल घेऊन आजीला विचारायला आलं असतं तर मी हाकललं नसतं.

हिंगोलीचा_मास्तर:
ताई, यावर काय बोलणार. ते उतरवून ठेवायलाच पाहिजे होतं, मान्य. फक्त त्याला आठवण म्हणा, मिती म्हणू नका एवढंच.

पडद्यापलीकडं:
म्हणजे शब्द बदलला की आम्ही बरोबर! एवढ्यासाठी दोन दिवस झोडपलं होय.

हिंगोलीचा_मास्तर:
शब्द बदला आणि ते पाचशे रुपये नोंदणी फीचं पण सांगा.

पडद्यापलीकडं:
ते टी-शर्टचे आहेत.

बांधावरचा:
मोजणीची नवीन तारीख मिळाली, येत्या मंगळवारी. टी-शर्टवाले, एखादा स्वयंसेवक धाडा, टेपचं एक टोक धरायला माणूस पाहिजे. काटा आला की लगेच भरून टाका म्हणावं.

पडद्यापलीकडं:
गाव कुठलं?