रोमँटिक कॉमेडीची पटकथा मध्यंतरानंतर ढेपाळते, काय करावं?

प्रश्न:
पटकथा ११० पानांची आहे. पहिली भेट पान ८ वर, पहिलं चुंबन ५५ वर. तिथवर वाचणारे हसतात, पुढे कंटाळतात. पान ६० वर नायिका नायकाला दुसऱ्या मुलीबरोबर बघते आणि निघून जाते. ती मुलगी त्याची बहीण असते. विनोद वाढवू की गैरसमज ताणू?

उत्तर १:
दोन्ही नको. एका फोनने मिटणारा गैरसमज तीस पानं टिकत नाही. बहीण आहे हे प्रेक्षकाला कळलेलं असतं, मग तो दोघांवर चिडतो. अडचण स्वभावातून येऊ द्या. समजा, तिला कुणावर अवलंबून राहायची धास्ती आहे आणि हा न विचारता मदत करत सुटतो. पूर्वार्धात याच सवयीवर हसवा: ती नको म्हणतेय आणि हा तिची बॅग उचलून चालू लागलाय. पान ८० च्या आसपास तो तिच्या परस्पर तिच्या साहेबांकडे बढतीची रदबदली करतो. आता भांडण खरं. दोघांचंही थोडंथोडं बरोबर. बहिणीला कात्री लावा.

उत्तर २:
अगदी पटलं. शिवाय अडथळा डोळ्यांना दिसला तर फार बरं. 'इट हॅपन्ड वन नाइट' या चित्रपटात (१९३४) नायक-नायिकेच्या खाटांमध्ये दोरीवर ब्लँकेट टांगलेलं असतं. संकोच, ओढ, विनोद सगळं त्या एका ब्लँकेटवर चालतं आणि शेवटी ते खाली पडलं की बाकी काही दाखवावं लागत नाही.

प्रश्नकर्ता:
शेवटी तो विमानतळावर धावत जाऊन दीड पानाची माफी मागतो. ठेवू?

उत्तर १:
धावू दे, भाषण काढा. तो बदललाय हे कृतीतून कळायला हवं. ती जड बॅग ओढतेय, त्याचा हात पुढे जातो, थांबतो, आणि तो विचारतो, "उचलू?" झालं. मात्र भांडण आणि समेट यांच्यात पाच-सहा पानं दोघांना एकेकटं राहू द्या. तिथे मैत्रिणीचे विनोद घुसडले की विरह पोकळ वाटतो.

उत्तर ३:
चित्रीकरणाचंही आत्ताच ठरवा. जुगलबंदीचे प्रसंग टू-शॉटमध्ये, म्हणजे दोघं एकाच चौकटीत दिसतील असे घ्या. दर वाक्याला क्लोजअप कापत गेलात तर ऐकणाऱ्याचा चेहरा हातचा जातो, आणि हशा बहुतेक वेळा त्याच चेहऱ्यावर येतो.