गाडी चालवताना डोकं फिरतं तेव्हा... तुमचे अनुभव सांगा (अनुभव धागा)

परवा सिग्नलला एक प्रकार बघितला तो डोक्यातून जातच नाहीये, म्हणून हा धागा काढतेय. दोन बाइकचे आरसे एकमेकांना घासले, बास एवढंच, काचही फुटली नव्हती. पण दोघं उतरून एकमेकांच्या कॉलरला भिडले. त्यातल्या एकाने गाडी स्टँडला लावायचीही तसदी घेतली नाही. त्याच्या मागे बसलेली सात-आठ वर्षांची मुलगी पटकन खाली उतरली आणि गाडी पडू नये म्हणून दोन्ही हातांनी हँडल धरून अंगाने ते धूड रेटत उभी राहिली, तोंडाने बाबा बाबा चाललेलं, आणि बाबांना ऐकूच येत नव्हतं. शेवटी मी आणि अजून एका मुलाने जाऊन गाडी धरली.

जगात दरवर्षी साधारण ११ लाख ९० हजार माणसं रस्त्यावरच्या अपघातात जातात, जागतिक आरोग्य संघटनेचा आकडा आहे, आणि ५ ते २९ या वयोगटात मृत्यूचं पहिल्या नंबरचं कारण हेच आहे. हे सगळे रागाचे बळी नाहीत हे मान्य, पण सुसाट चालवणं, मागच्या बंपरला चिकटून राहणं, कट मारणं, सिग्नल तोडणं या सगळ्यात खुन्नस किती असते ते आपण रोज बघतो. मला तरी असं दिसतं की ज्याचं डोकं फिरतं तो बरेचदा सुटतो आणि त्याच्या शेजारी, मागे, समोर जो असतो त्याला भोगावं लागतं. त्यामुळे चालवणाऱ्यांनी लिहाच पण शेजारी बसणाऱ्यांनी, पायी चालणाऱ्यांनी पण लिहा. चूक कोणाची यावर इथे भांडण नको, आणि गाड्यांचे नंबर, फोटो टाकू नका प्लीज.

– शेवटचा_थांबा

मोकळं_आकाश

मी शेजारी बसणारी. नवरा घरात एकदम शांत, मुलांवर सुद्धा आवाज चढवत नाही, पण स्टेअरिंग हातात आलं की वेगळाच माणूस. कोणी ओव्हरटेक केलं की त्याला तो स्वतःचा अपमान वाटायचा, मग "मला कट मारतो काय" म्हणत त्याच्या मागे लागायचं, डिपर मारायचे, हॉर्नवरचा हात काढायचा नाही. मी काही बोलले की अजून भडका, त्यामुळे मी गप्प बसून पायाने नसलेला ब्रेक दाबत राहायचे.

एकदा असंच दुभाजक नसलेल्या रस्त्यावर एका गाडीचा पाठलाग चालला होता, समोरून ट्रक येतायत, वळणावर सुद्धा हा बाहेर काढून बघतोय. सासूबाई मागे बसल्या होत्या. त्या एक शब्द बोलल्या नाहीत, फक्त चष्मा काढला, घडी करून डबीत ठेवला आणि डबी पर्समध्ये टाकली. मला वाटलं झोप आली असेल. घरी पोचल्यावर विचारलं तर म्हणाल्या, "आता आदळणार असं वाटलं गं, काचा डोळ्यात जायला नकोत." हे तो तिथेच उभा राहून ऐकत होता. माझ्या वर्षानुवर्षांच्या बोलण्याने जे झालं नाही ते त्या वाक्याने झालं, दुसऱ्या दिवशी आपणहून म्हणाला की यापुढे आई गाडीत असली की तू चालव.

आमच्याकडे मूळ कारण उशीर हे होतं. कायम शेवटच्या मिनिटाला निघायचं आणि तो वेळ रस्त्यावर भरून काढायचा. मी त्याला कागदावर हिशोब करून दाखवला, १० किलोमीटर अंतर ६० च्या स्पीडने १० मिनिटांत होतं आणि ८० ने साडेसात मिनिटांत, म्हणजे एवढा जीव धोक्यात घालून अडीच मिनिटं, ती पण रस्ता पूर्ण मोकळा मिळाला तर. आता आम्ही लवकर निघतो. राग पूर्ण गेलाय असं नाही म्हणणार, पण मागे लागणं बंद झालंय.

दहा_चाकी

ताई, सासूबाईंचं वाचून अंगावर काटा आला.

मी आयुष्यभर जड गाड्या चालवल्या, आधी क्लीनर मग ड्रायव्हर. लहान गाडीवाल्यांना एक गोष्ट कळत नाही की मी समोरच्या गाडीपासून जी जागा सोडतो ती माझ्या ब्रेकची जागा असते, कोणी घुसावं म्हणून सोडलेली नसते. भरलेली गाडी कारसारखी जागेवर उभी राहत नाही. हवेचा ब्रेक असतो, पाय दाबल्यावर हवा चाकापर्यंत पोचायला क्षणभर जातो आणि तेवढ्यात गाडी बरीच पुढे गेलेली असते. तुम्ही त्या जागेत घुसलात की मला परत मागे राहून जागा करावी लागते, मग मागचा हॉर्न वाजवतो, मग दुसरा कोणी घुसतो, असं दिवसभर.

एकदा एका कारवाल्याला साइड द्यायला उशीर झाला, देता येण्यासारखी नव्हतीच, कडेने स्कूटरवाला चालला होता. त्याने पुढे जाऊन खिडकीतून हात बाहेर काढून शिवीगाळ केली आणि माझ्यासमोर येऊन मुद्दाम करकचून ब्रेक मारला, मला धडा शिकवायला. मी होता नव्हता तेवढा ब्रेक दाबला. मागे लोखंडी सळया होत्या, त्या पुढे सरकून केबिनच्या पाठीवर आदळल्या, तो आवाज अजून कानात आहे, दोन फळ्या फुटल्या आणि एक सळई माझ्या सीटच्या बाजूने आत आली. कारवाला निघून गेला. स्कूटरवाला माझी गाडी तिरकी होताना बघून घाबरला आणि कडेच्या चरात गेला, त्याचा हात मोडला. त्या माणसाचा काय संबंध होता सांगा मला. तो तर आमच्या भांडणात नव्हताच.

तुम्हाला माझ्या गाडीचे आरसे दिसत नसतील तर मला तुम्ही दिसत नाही, एवढं धरून चाला. आणि ट्रकवाल्यासमोर कधी, कितीही राग आला तरी, ब्रेक मारू नका.

पिवळा_दिवा

मी मानसशास्त्र शिकवते, पण आधी स्वतःचा अनुभव. माझी गाडी जुनी आणि लहान आहे, रंग पण उडालाय. सिग्नल हिरवा व्हायच्या आत मागून हॉर्न सुरू होतात. मधे माझी गाडी गॅरेजला होती तेव्हा भावाची मोठी नवी गाडी वापरत होते, तोच रस्ता, तीच वेळ, आणि मी तशीच हळू चालवणारी, तरी कोणी हॉर्न देईना! मला वाटलं माझ्या मनाचे खेळ असतील. पण यावर १९६८ सालचा एक प्रसिद्ध प्रयोग आहे, डूब आणि ग्रॉस यांचा, कॅलिफोर्नियातला. हिरवा दिवा लागला तरी गाडी मुद्दाम हलवायची नाही आणि मागचा किती वेळात हॉर्न देतो ते मोजायचं. जुनाट गाडीला लोकांनी लवकर हॉर्न दिले, महागड्या गाडीला उशिरा. म्हणजे आपला राग वाटतो तितका आंधळा नसतो, समोर कोण आहे ते बघून तो बाहेर येतो. जो राग माणूस बघून आवरता येतो तो कोणासमोरही आवरता येईल, असं मी वर्गात दर वर्षी सांगते आणि ते मला मनापासून पटलेलं आहे.

दुसरं, शेजारची लेन नेहमी जास्त पळतेय असं वाटतं ना? १९९९ मध्ये 'नेचर'मध्ये रेडेलमायर आणि टिबशिरानी यांचा अभ्यास आला होता. दोन्ही लेनचा सरासरी वेग सारखा असला तरी आपल्याला शेजारची फास्ट वाटते, कारण आपण ज्यांना मागे टाकतो ते झटक्यात मागे पडतात आणि जे आपल्याला मागे टाकतात ते बराच वेळ डोळ्यांसमोर राहतात. यातूनच सारखी लेन बदलायची, मग कोणाच्या तरी पुढे घुसायचं, मग तो चिडणार. उकाडा हे पण एक कारण आहे, १९८६ मध्ये फिनिक्स शहरात असाच हॉर्नचा प्रयोग झाला, पारा चढेल तसे हॉर्न वाढले, आणि एसी नसलेल्या गाड्यांमध्ये जास्त.

आणि सगळ्यात मोठं म्हणजे, आपण कोणाला कट मारला तर आपल्याला कारण माहीत असतं, खड्डा होता, घाई होती, दिसलंच नाही. दुसऱ्याने मारला की तो माणूसच माजोरडा. पायी चालताना धक्का लागला तर तोंड दिसतं, सॉरी म्हणता येतं. गाडीत सॉरी म्हणायला काही सोयच नाही, फक्त हॉर्न आहे.

उगाच_एक

मी मागून डिपर आले की साइड देतो. आधी फार लागायचं मनाला, आता नाही. त्याला हॉस्पिटलला जायचं असेल असं धरून चालतो, नसेल तरी माझं काही जात नाही.

रात्रपाळी

कॅज्युअल्टीत नर्स आहे. अपघाताच्या जखमा तर रोजच्याच, पण लक्षात राहिलेली केस वेगळी आहे. पन्नाशीचे गृहस्थ आणले, अंगावर ओरखडा नाही, गाडीला ओरखडा नाही. पार्किंगमधून बाहेर निघताना कोणीतरी आडवी गाडी लावली म्हणून भांडण झालं आणि भांडता भांडता छातीला हात लावून खाली बसले. उजव्या हाताच्या मुठीत गाडीची किल्ली इतकी घट्ट धरलेली की आम्हाला सुई लावायला एकेक बोट सोडवावं लागलं. हार्ट अटॅक. ज्यांच्याशी भांडले तेच घेऊन आले होते आणि बाहेर बाकावर डोकं धरून बसले होते, सारखं विचारत होते काका बरे होतील ना. झाले बरे, पण थोडक्यात.

प्रचंड राग आल्यानंतरच्या दोन तासांत हार्ट अटॅकचा धोका एरवीपेक्षा बराच वाढतो हे अभ्यासांत दिसलेलं आहे, आणि ज्यांना आधीच बीपी-शुगर-हृदयाचा त्रास आहे त्यांनी हे फार सिरियसली घ्या. रात्रपाळी करून झोप न होता गाडी चालवत घरी जाणारे आमच्यासारखे पण लवकर चिडतात, मी स्वतः म्हणून नाइटनंतर बसनेच जाते.

शिकाऊ_पाटी

ड्रायव्हिंग शिकवतो. दहा_चाकी दादांनी जागा सोडण्याचं लिहिलंय त्याबद्दल हात जोडून आभार, कारण मी हेच घसा कोरडा करून सांगतो. ६० च्या स्पीडला गाडी एका सेकंदात जवळपास १७ मीटर जाते. समोरचा ब्रेक लाइट दिसून आपला पाय ब्रेकवर पडेपर्यंत एक-दीड सेकंद सहज जातो, म्हणजे ब्रेक लागायच्या आधीच २० मीटरच्या आसपास गेलो. आणि स्पीड दुप्पट झाला की ब्रेक लागल्यापासून थांबेपर्यंतचं अंतर दुप्पट नाही, चौपट होतं. आता समोरच्याच्या बंपरला चिकटून "सरक की बाजूला" करणाऱ्याने हा हिशोब कुठे बसवायचा? त्याचा ब्रेक चांगला असून उपयोग नाही, अंतरच नाहीये. साधा उपाय म्हणजे समोरची गाडी एखाद्या खांबाजवळून गेली की मनात तीन सेकंद मोजायचे, त्याआधी आपण खांबाशी पोचलो तर आपण फार जवळ आहोत. पावसात याच्या दुप्पट.

आमच्या गाडीवर पाटी असते, तरी लोक शिकणाऱ्यांना काय काय बोलतात! मागून हॉर्न वाजला की नवा माणूस क्लच सोडतो, गाडी बंद पडते, मग अजून हॉर्न, हात थरथरायला लागतात. एक काकू होत्या, मिस्टर गेल्यावर साठीत शिकायला आल्या होत्या, छान चालवायला लागल्या होत्या, एकाने बाजूला येऊन काच खाली करून असं काही बोलला की त्या परत आल्याच नाहीत. फोन केला तर म्हणाल्या, "नको रे बाळा, मी रिक्षाने जाईन." मला त्याचं फार वाईट वाटतं, अजूनही वाटतं.

निळी_स्कूटी

लिहू की नको करत होते. संध्याकाळी घरी येताना एक कारवाला वळणावर इंडिकेटर न देता आला, मी जोरात हॉर्न दिला, बाकी काही नाही, मान वळवून बघितलं पण नाही. तो मागे लागला. आधी वाटलं त्याचा रस्ता तोच असेल. मी स्लो केली तर तो स्लो, मी कडेला घेतली तर तो पण थोडं पुढे जाऊन थांबला, मी निघाले की परत मागे. काचा काळ्या, आत किती जण ते पण कळत नाही. हेल्मेटच्या आत स्वतःचाच श्वास एवढ्या मोठ्याने ऐकू येत होता.

घराकडचं वळण आलं आणि मी वळणारच होते, तेवढ्यात आठवलं की आपलं घर त्याला दाखवायचं नाही. सरळ गेले आणि गर्दीच्या पेट्रोल पंपावर, बरोबर ऑफिसच्या दारासमोर, स्कूटी लावली. तो पण आत आला, थोडा वेळ गाडी चालू ठेवून बघत बसला. पंपावरच्या मावशींना सांगितलं तशा त्या मला आत घेऊन गेल्या आणि दोन पोरांना बाहेर उभं केलं, मग तो गेला. भाऊ येईपर्यंत मी आतच बसून होते.

शेवटचा_थांबा

बापरे. बरं झालं लिहिलंस गं. तक्रार दिलीस का? आणि अजून कोणावर अशी वेळ आली तर काय करावं म्हणशील?

निळी_स्कूटी

हो ताई, दिली. त्याचा नंबर मी येताना मोठमोठ्याने घोकत आले होते, पंपावर पोचल्या पोचल्या मावशींच्या पावतीपुस्तकाच्या मागे लिहिला. कॅमेऱ्यात पण गाडी आली होती. पोलिसांनी त्याला बोलावून घेतलं, त्यानंतर परत काही झालेलं नाही.

सांगायचं तर, घरी जाऊ नका. पोलीस चौकी, हॉस्पिटल, पंप, जिथे उजेड आणि माणसं असतील तिथे जा. कारमध्ये असाल तर काच खाली करू नका, दारं लॉक, आणि सिग्नलला समोरच्या गाडीच्या मागे बाहेर काढता येईल एवढी जागा ठेवून थांबा. नजरेला नजर देऊ नका, हातवारे नकोत. चालवताना फोन हातात घेऊन व्हिडिओ काढायला जाऊ नका, थांबल्यावर लगेच पोलिसांना लावा. मी आता पुढे डॅशकॅमसारखा छोटा कॅमेरा बसवून घेतलाय, आणि हॉर्न अजूनही देते, गरज असेल तिथे देतेच.